निळीचे दोन खटले

निळीला निळी म्हणायला कोणी सुरुवात केली, हे आता कोणालाच आठवत नाही. कारण मात्र उघड होतं. कोपरापर्यंत दोन्ही हात निळे. रंगाऱ्याच्या घरात सून म्हणून आली, नवरा गेल्यावर भट्टी तिनंच पुढं चालवली, आणि लोकांचे विटके पडदे, शाळांचे गणवेश, दवाखान्यांच्या चादरी उकळता उकळता हातांचा मूळ रंग कुठल्या कुठे गेला. साबण झाला, लिंबू झालं, रॉकेल झालं. शेवटी तिनं नाद सोडला. "असू दे," ती म्हणायची. "मी काही उचललं तर पोलिसांना शोधायला बरं."

भट्टी एका जुन्या इमारतीच्या मागच्या अंगणात होती. वर पत्रे, खाली दोन मोठे हंडे, एक नळ, पाणी वाहून जायला मोरी आणि या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत दोऱ्या. निळी रंग उकळायची, तिची धाकटी जाऊ कपडे पिळून वाळत घालायची. जावेचा नवरा लॉरी चालवायचा, तो घरात पाहुण्यासारखा. दोघी जावा असून भांडत नाहीत, याचं इमारतीतल्या बायकांना फार वाईट वाटायचं.

भट्टीचा नियम एकच, आणि तो निळीच्या सासऱ्यापासून चालत आलेला. उकळतं भांडं हातात घेतलं की आधी मोठ्यानं "गरम!" असं ओरडायचं, मग हलायचं. अंगणात चिटपाखरू नसलं तरी ओरडायचं. निळीच्या हे इतकं अंगवळणी पडलं होतं की घरात चहाचं पातेलं उतरवतानाही ती ओरडायची आणि जाऊ म्हणायची, "ताई, इथं मीच आहे, आणि मी बसलेली आहे." इमारतीतली पोरं याच अंगणात खेळून मोठी झाली. "गरम!" ऐकलं की चेंडू, बॅट, भांडण, जे असेल ते टाकून बाजूला उडी मारायची, हे चालायला शिकण्याच्याही आधी त्यांना शिकवलेलं. घरमालकाचा मुलगा त्यांच्यातलाच. हंड्यांमागं गेलेला त्याचा चेंडू निळीनं किती वेळा काढून दिला असेल, त्याची गणती नाही.

पुढं तो मुलगा धाकटा मालक झाला, आणि त्याला हे अंगण गाड्या लावायला हवंसं वाटू लागलं. थोरल्या मालकाची रीत गोड बोलण्याची. धाकट्याला गोड बोलण्याचा कंटाळा. एका दुपारी तो लोखंडी गज घेऊन आला. मागं नुकताच कामावर ठेवलेला मुकादम, हातात पाना. दुसऱ्या गावाहून आलेला, पन्नाशीचा, खाली मान घालून काम करणारा माणूस.

"तो नळ काढ," धाकटा म्हणाला. पाणी तुटलं की भट्टी आपोआप बंद पडेल, असा सरळ हिशोब.

निळी नळापुढं उभी राहिली. "आधी मला काढ."

"बाजूला हो, निळे."

"निळे नाही. निळीमावशी म्हणायचास तू."

धाकट्यानं गज फिरवला. तिचं उजवं मनगट मोडलं. मोडल्याचा आवाज जावेनं दोऱ्यांपाशी ऐकला, आणि अजूनही ती सांगते की तसला आवाज देवानं कुणाला ऐकवू नये.

मग निळीनं डाव्या हातानं हंड्यातला मोठा मग उचलला, उकळत्या रंगानं भरलेला, आणि धाकट्याच्या तोंडावर नेम धरला. पण फेकण्याआधी ती ओरडली. "गरम!" आता या बाईला काय म्हणावं? दुनियेत कोणी आधी वर्दी देऊन हल्ला करतं का? तिनं केला. सवयीनं केला. आणि धाकट्यानंही सवयीनंच टुणकन बाजूला उडी मारली. त्याच्या मागं उभ्या असलेल्या मुकादमाला या अंगणाची रीत कुठून ठाऊक असणार? काय गरम आहे ते बघायला बिचाऱ्यानं मान वर केली. अख्खा मग त्याच्या खांद्यावर आणि हातावर पडला.

पोलीस आले. निळीनं धाकट्याविरुद्ध तक्रार दिली, मुकादमानं निळीविरुद्ध. दोन्ही तक्रारी एकाच दुपारच्या, एकाच अंगणातल्या, एकाच नळावरून झालेल्या. पण कागदांना काय त्याचं! हाड मोडणं हा मोठा गुन्हा, म्हणून पहिला खटला वरच्या मजल्यावरच्या मोठ्या न्यायाधीशांकडे गेला. भाजणं त्या मानानं लहान ठरलं, म्हणून दुसरा खाली, जिन्याशेजारच्या खोलीत. वर निळी फिर्यादी, तिची बाजू सरकारी वकील मांडणार. खाली निळी आरोपी, तिथं तिनं एक वकीलबाई लावली. तारखा वेगळ्या, न्यायाधीश वेगळे, वकील वेगळे. वर काय चाललंय ते खाली कोणाला माहीत नाही, खालचं वर कोणाच्या कानावर नाही.

वरच्या कोर्टात सरकारी वकिलानं तिला पहिल्याच दिवशी बजावलं, "बाई, विचारीन तेवढंच सांगायचं. रंग फेकल्याचं इथं काढायचं नाही. तो आपला विषय नाही."

"आपला कसा नाही? मीच फेकला ना?"

"इथं नाही फेकलात," तो म्हणाला, आणि पुढच्या खटल्याचे कागद शोधू लागला.

खालच्या कोर्टात वकीलबाईंनी वेगळं पण त्याच चवीचं सांगितलं. वकीलबाई तरुण, बोलायला तिखट, आणि निळीवर त्यांचा जीव जडला होता. "तुम्ही फक्त गप्प बसा. फेकलं हे त्यांनी सिद्ध करायचंय. त्यांचा साक्षीदार एकच, तोही त्यांच्याच पगारावर. दोन तारखांत सुटाल."

म्हणजे वर मनगट मोडलेली निळी, जिनं काहीच फेकलं नाही. आणि खाली काहीतरी फेकलेली निळी, जिचं मनगट मोडलेलंच नाही. निळी भट्टीवर येऊन जावेला म्हणाली, "अगं, मला उभी चिरलीय. अर्धी वर बसते, अर्धी खाली."

"सुटतेयस ना?" जाऊ म्हणाली. "मग चिरू दे की."

वरच्या कोर्टात धाकट्याच्या वकिलानं निळीची उलटतपासणी सुरू केली. माणूस गुळगुळीत, आवाज त्याहून गुळगुळीत. "माझे अशील त्या दिवशी गावातच नव्हते. नातेवाइकांकडे परगावी होते. तुम्ही ओल्या फरशीवर पाय घसरून पडलात आणि जुन्या रागापोटी त्यांचं नाव घेतलंत, हे खरं ना?"

निळीचा संताप डोळ्यांतून बाहेर पडायचा बाकी राहिला. "हा समोर बसलाय तो गावात नव्हता?"

"हो किंवा नाही एवढंच सांगा."

"नाही! दहा वेळा नाही!" पण तिचं नाही म्हणजे तिच्या एकटीचं. जाऊ दोऱ्यांपाशी चादरींच्या आड, तिनं आवाज ऐकला, गज पाहिला नाही. धाकट्याच्या बाजूनं परगावचे दोन नातेवाईक साक्षीला तयार होते. सरकारी वकिलाचा चेहरा पडला, तो निळीला स्पष्ट दिसला.

त्यानंतर थोड्याच दिवसांनी खालच्या कोर्टात मुकादमाची साक्ष झाली. थोरला मालक त्या दिवशी आला नव्हता. लहान खटला, त्यात काय बघायचं, असं त्याला वाटलं असणार. मुकादमाला कोणी फार पढवलं नव्हतं, आणि तो मुळात खोटं बोलायला सुचणारा माणूस नव्हता. त्यानं घडलं तसं सांगितलं. "बाई 'गरम' म्हणून ओरडली. धाकट्या मालकांनी बाजूला उडी मारली. मला कळलं नाही, मी तिथंच उभा राहिलो." मग त्यानं सदऱ्याची बाही वर केली. भाजलेल्या जागी नवी कातडी आली होती, तीही निळसर.

वकीलबाई उलटतपासणीसाठी पुढची तारीख मागत होत्या. निळी मात्र आरोपीच्या जागी ताठ बसली. दोन्ही खोल्यांत बसलेली ती एकटीच होती. वर गावात नसलेला माणूस खाली तिच्या डोळ्यांदेखत उडी मारून गेला होता.

बाहेर आल्या आल्या तिनं वकीलबाईंचा हात धरला आणि वरच्या कोर्टातलं सगळं सांगितलं. वकीलबाई आधी हसल्या, मग गंभीर झाल्या, मग जिन्याच्या पायरीवर मटकन बसल्या.

"हे दोन्ही खटले एकाच न्यायाधीशांपुढं जायला हवेत," त्या म्हणाल्या. "एकाच घटनेचे आहेत, अर्ज करता येतो. एका माणसानं दोन्ही ऐकले की तो परगावी होता हे टिकायचं नाही."

"मग करा अर्ज."

"ऐकून तर घ्या. खाली तुम्ही सुटल्यातच जमा आहात. 'गरम' ओरडलात, मुकादम पाहत राहिला, फेकताना बघितलं का म्हणून विचारलं की तो गडबडेल. मी त्याला गडबडवीन. पण दोन्ही एकत्र आले की मोठे न्यायाधीश तुम्हाला विचारणार, मग हा माणूस भाजला कसा? तिथं गप्प बसलात तर तुमच्या मनगटाच्या साक्षीवर कोण विश्वास ठेवेल? आणि बोललात तर तुम्हालाही शिक्षा. कैद होऊ शकते, निळीताई."

 निळीला कैदेची भीती वाटली. भट्टी कोण बघणार, जाऊ एकटी काय काय करणार, हे सगळं डोक्यात घोंगावलं. मग तिनं आपल्या उजव्या मनगटाकडं पाहिलं. हाड वाकडं जुळलं होतं. ओली चादर पिळायला गेलं की डोळ्यांत पाणी यायचं.

"मी सुटले तर तोही सुटतो. असंच ना?"

"बहुतेक."

"आणि मी अडकले तर तोही अडकतो."

"बहुतेक."

"मग अडकवा दोघांना. मी केलेलं मी केलंय. त्याच्याच खोट्यामागं लपून बसू का आता?"

जावेनं त्या दिवशी भट्टीवर आकाशपाताळ एक केलं. "डोकं ठिकाणावर आहे का, ताई? सुटलेल्या माणसानं आपणहून जाळ्यात पाय घालायचा?"

"तो मुकादम," निळी म्हणाली, "माझ्या ओरडण्यावर मान वर करून उभा राहिला. त्याच्यावर मी फेकलंच नाही, असं त्याच्या तोंडावर म्हणू? बाही वर केली गं त्यानं."

 जावेनं हातातली चादर अशी पिळली की फाटायचीच बाकी राहिली.

अर्ज झाला आणि थोरल्या मालकाचे धाबे दणाणले. त्याच्या वकिलानं विरोधात पुष्कळ हातपाय मारले. खटला मुद्दाम लांबवतात, लहान खटल्याला मोठं कोर्ट कशाला, मुकादमाला जिना चढवत नाही. जिना चढवत नसलेला मुकादम त्याच दिवशी मालकाच्या घरचं कपाट दुसऱ्या मजल्यावर चढवत होता, हे जावेनं स्वतः पाहिलं आणि दिसेल त्याला सांगितलं.

मग थोरला मालक स्वतः कोर्टाच्या व्हरांड्यात निळीला गाठायला आला. मोठ्या आदबीनं. "बाई, इतक्या वर्षांचे संबंध आपले. तुम्ही तुमचा मागं घ्या, मुकादम त्याचा घेईल. नळाला कोणी हात लावणार नाही, माझा शब्द. दोघंही मोकळे. कोणाचं काही बिघडत नाही."

"माझं मनगट?"

"त्याचा खर्च बघू."

"मालक, तुमच्या पोरानं गज मारला, असं तुम्ही एकदा म्हणा. नुसतं म्हणा. इथं, या चार माणसांत."

थोरल्या मालकानं इकडंतिकडं पाहिलं. वकील, शिपाई, दुसऱ्याच कोणाच्या खटल्याला आलेली दोन माणसं. तो म्हणाला, "तो त्या दिवशी गावात नव्हता."

"मग तडजोड कोणाशी करू मी? गावात नसलेल्या माणसाशी?" निळी इतक्या मोठ्यानं म्हणाली की जिन्यावरून जाणारे थांबले. थोरला मालक चष्मा पुसत निघून गेला.

अर्ज मंजूर झाला. दोन्ही खटले वरच्या मजल्यावर, एकाच न्यायाधीशांपुढं, एकामागून एक ऐकायचे, निकाल एकाच दिवशी. न्यायाधीश वयस्कर, कमी बोलणारे, कान मात्र तीक्ष्ण. खालच्या खोलीतले कागद वर आले. कोर्टानं निळीला आणि मुकादमाला पुन्हा साक्षीला बोलावलं.

पण आता थोरला मालक झोपेत नव्हता. मुकादमाची नोकरी त्याच्या हातात, राहायची खोली त्याच्या इमारतीत. तारखेच्या दिवशी मुकादम नवा सदरा घालून आला, बाही मनगटापर्यंत बटण लावून बंद. निळीकडं त्यानं पाहिलंच नाही. वकीलबाई तिच्या कानाशी म्हणाल्या, "याला फिरवलंय. त्या दिवशी घाबरलो होतो, नीट दिसलं नाही, असं म्हणणार हा. ऐका माझं, अजूनही गप्प बसता येईल."

आधी निळीची साक्ष. सरकारी वकिलानं विचारलं, धाकट्याच्या वकिलानं उलटंसुलटं विचारलं, आणि मग न्यायाधीशांनी चष्म्यावरून तिच्याकडं पाहिलं. "बाई, दुसरा खटला तुमच्यावर आहे. त्यातलं सांगायचं नसेल तर सांगू नका, तो तुमचा हक्क आहे. पण मला कळत नाही, हा माणूस भाजला कसा?"

वकीलबाई अर्ध्या उठल्या. निळीनं त्यांच्याकडं पाहिलंच नाही. ती मुकादमाकडं वळली.

"मी भाजलं त्याला. उकळता रंग होता. फेकला धाकट्या मालकावर, माझं मनगट मोडल्यावर. मी ओरडले, तो उडी मारून वाचला, आणि हा उभा राहिला. याची काही चूक नव्हती. याच्या हातात पाना होता, गज नव्हता. मी याला भाजलं आणि मला त्याचं वाईट वाटतं. त्या दुसऱ्याचं वाटत नाही. त्याच्यावर पडायला हवा होता."

कोर्टात कुजबुज झाली. वकीलबाईंनी कपाळाला हात लावला. धाकट्याचा वकील खूश झाला, कारण आरोपीनं भर कोर्टात कबुली दिली होती. ही कबुली त्याच्याच अशिलाला अंगणात उभं करतेय, हे त्याच्या ध्यानात यायला जरा वेळ लागला.

मग मुकादम उभा राहिला. धाकट्याच्या वकिलानं अगदी मायेनं सुरुवात केली. "तुम्ही खालच्या कोर्टात जे सांगितलंत, ते घाबरून सांगितलंत. धाकटे मालक तिथं होते, हे तुम्हाला नक्की आठवत नाही. बरोबर?"

मुकादमानं थोरल्या मालकाकडं पाहिलं. मग निळीकडं. मग त्यानं बाहीचं बटण काढलं. 

"आठवतंय साहेब," तो म्हणाला. "या बाईला तुरुंगात जावं लागेल तरी तिनं तिचं सांगितलं. मग मी माझं काय म्हणून गिळू? धाकटे मालक तिथं होते. गज त्यांनीच मारला. उडी त्यांनीच मारली. म्हणून तर माझ्यावर पडलं. माझ्यासमोर कोणी नव्हतं, तर मग मी कोणाच्या वाट्याचं भाजलो?"

न्यायाधीशांनी लिहिणं थांबवलं, परगावी असण्याची बाजू मांडणाऱ्या वकिलाकडं पाहिलं आणि विचारलं, "आणखी काही?" वकिलानं कागद मिटले. परगावचे दोन नातेवाईक बाहेरच्या बाकावर बसले होते. त्यांना आत बोलावलंच नाही, ते आल्या पावली परत गेले.

निकालाच्या दिवशी जाऊ भट्टी बंद ठेवून आली होती. पहिला निकाल धाकट्याचा. दोन वर्षं सक्तमजुरी. थोरला मालक जागच्या जागी खाली बसला. वकील अपिलासाठी जामिनाच्या खटपटीला धावला, पण त्या दिवशी काही होण्यासारखं नव्हतं.

मग निळीचा. न्यायाधीश म्हणाले, स्वतःचा बचाव करायचा हक्क होता, पण मनगट मोडून झाल्यावर उकळता रंग तोंडाच्या नेमानं फेकणं हा नुसता बचाव नव्हे, आणि इजा तिसऱ्यालाच झाली. आरोपी दोषी. मात्र तिनं स्वतःहून खरं सांगितलं, जखमीची तिच्याबद्दल तक्रार उरली नाही. म्हणून शिक्षा, कोर्ट उठेपर्यंत साधी कैद.

"म्हणजे काय?" जावेनं घाबरून विचारलं.

"म्हणजे आज कामकाज संपेपर्यंत इथं बसून राहायचं," वकीलबाई म्हणाल्या. त्यांना हसू येत होतं आणि डोळेही पुसायचे होते. "झाली शिक्षा."

निळी कोपऱ्यातल्या बाकावर बसली. बाजूला एक शिपाई. समोरून धाकट्याला नेलं. व्हरांड्यातून परत आलेला थोरला मालक तिच्यापाशी थांबला आणि दातओठ खात म्हणाला, "शेवटी तुमच्याही नावावर गुन्हा लागलाच की."

"लागला," निळी म्हणाली. "माझा माझ्या नावावर, त्याचा त्याच्या. आता कुठं सगळं जागच्या जागी आलं."

दुपारी न्यायाधीश जेवायला उठले. शिपाई भला माणूस होता. तो हळूच म्हणाला, "जा आता मावशी. साहेब उठले, कोणी विचारत नाही."

"कोर्ट उठलेलं नाही. जेवायला गेलंय."

"अहो, सगळे असेच जातात."

"मी नाही जाणार. उद्या कोणी म्हणायला नको की निळीनं अर्ध्यात पळ काढला." जावेनं आणलेला डबाही तिनं तिथंच, बाकावर बसून खाल्ला. मुकादम दाराशी घुटमळत होता. तिनं त्याला हाक मारून शेजारी बसवलं आणि त्याच्यापुढं डबा सरकवला. दोघांचे निळे हात एकाच डब्यात होते. शिपाई पाहत राहिला.

संध्याकाळी शेवटचा खटला संपला. न्यायाधीश उठले, सगळे उभे राहिले, निळीही राहिली. दाराकडं जाताना त्यांची नजर तिच्यावर गेली आणि ते थांबले.

"तुम्ही अजून इथंच?"

"शिक्षा होती ना, साहेब," निळी म्हणाली. "माझी भोगून झाली. आता त्याला त्याची भोगू द्या."